ताब्यात घेणाऱ्याची सही

"कॉर्पस आणलं का?"
सरकारी वकिलांच्या कारकुनाने विचारलं,
तेव्हा मी चुकून जीपच्या मागच्या बाजूला पाहिलं.
कॉर्पस माझ्या शेजारीच उभं होतं,
पाच फुटांचं, एकवीस वर्षांचं,
केसांत जिनिंगची रुई अडकलेलं,
आणि म्हणत होतं,
"मावशी, लघवीला कुटं जायचं इथं?"

पहाटे चारला मानवतला
जिनिंगमागच्या खोलीतून काढली होती तिला.
कुलूप उंदरांसाठी आहे, मामा म्हणाला.
मामी म्हणाली, चहा टाकू का.
साहेबांनी पंचनाम्यात कुलपाची कंपनी लिहून घेतली.
हिची चप्पल कुठंय, मी विचारलं.
कोणी बोलेना.
मग तीच म्हणाली, हसल्यासारखं करत,
"चपला पहिल्याच दिवशी गेल्या.
कुलूप मागून आणलं."

सेलू गेलं. मंठा गेलं.
तिच्या मांडीवर माझी शाल, पाय वर घेतलेले.
"कुटं न्यायलाव मला?"
खंडपीठात, म्हणाले.
"पीठ म्हनजे माहूरसारखं का?"
पायऱ्या आहेत, म्हणाले. देवी नाही.
त्यावर ती बराच वेळ बाहेरच्या तुरीकडे बघत बसली.

जालन्याला एक हातगाडी नुकती उघडत होती.
निळ्या पट्ट्याची चप्पल, एक नंबर मोठी,
दीडशे सांगितले, एकशे वीसला दिली.
तो खर्च कुठे दाखवायचा
ते आमच्या डायरीत कुठेच नाही.

कोर्टात बाकाच्या एका टोकाला महारुद्रअप्पा,
खांद्यावर रुमाल, मांडीवर डबा.
दुसऱ्या टोकाला अर्जदार सुमेध,
प्लास्टिकच्या फाइलीत लग्नाचा दाखला, चार फोटो
आणि तिची बारावीची गुणपत्रिका.
मधल्या जागेत तीन माणसं बसली असती.
दोघांनी तिच्याकडे पाहिलं, मग तिच्या पायांकडे.
नवी चप्पल.
दोघांनाही वाटलं असेल,
दुसऱ्याने घेतली.

न्यायमूर्तींनी तिला आत बोलावलं.
मी दाराबाहेर.
अकरा मिनिटं. आतलं काही ऐकू आलं नाही.
मला माझंच आठवत राहिलं काहीबाही,
ते इथे लिहिण्यासारखं नाही.

सज्ञान आहे.
जिथे जायचं तिथे जायला मोकळी आहे.
एवढीच ऑर्डर.
एवढ्यासाठी नव्वद दिवस, दोन वकील आणि पहाटेची जीप.

ती बाहेर आली
आणि बाकाच्या दोन्ही टोकांकडून
एकच शब्द आला:
"चल."

ती आधी अप्पांपाशी गेली.
डबा घेतला, उघडला,
धपाट्याचा एक तुकडा उभ्यानेच खाल्ला,
झाकण लावून डबा परत दिला.
बोलली काहीच नाही.
अप्पांनी रुमाल या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतला.

मग सुमेधला म्हणाली,
"येईन मी. न्यायला येऊ नको.
येणं येगळं, नेणं येगळं."
त्याने फाइल छातीशी धरली.
मान हलवली, पण उशिराने.
तिने त्याच्याकडून फक्त गुणपत्रिका काढून घेतली.

माझं रजिस्टर राहिलं होतं.
शेवटचा रकाना: ताब्यात घेणाऱ्याची सही.
नोकरीच्या सात वर्षांत या रकान्यात
बाप पाहिले, नवरे पाहिले, भाऊ,
एकदा तर एक मेहुणा, अंगठा लावून.
"पेन द्या," ती म्हणाली.
कांचन लिहिलं.
आडनावापाशी हात थांबला, तो थांबलाच.

पुढे अजून एक चौकोन होता, बारीक: नातं.
तिने रजिस्टर जवळ ओढलं.
पेनाचं टोपण दातात धरलं.
बाहेर जालना रोडवर गाड्यांचा आवाज चालू होता.

"मावशी, हे रिकामं ठेवलं तर चालतंय का?"

चालत नाही, मी म्हणाले,
आणि रजिस्टर मिटलं.